थांबासाहेब

वाहिनीत त्याला सगळे थांबासाहेब म्हणत. जुन्या नटनट्यांवर माहितीपट करण्यात त्याची एकवीस वर्षं गेली होती, आणि तेवढ्या काळात जडलेली खोड एकच. कॅमेरा सुरू होण्याआधी कुणी गप्पांच्या ओघात मोलाचं काही बोलू लागलं, की याचा हात वर. "थांबा! हे कॅमेऱ्यासमोर." एकदा सांगितलेली गोष्ट दुसऱ्यांदा शिळी होते, हे त्याचं तत्त्व. मालिकेच्या चाळीस भागांत ते कधी नडलं नव्हतं.

आता मात्र वाहिनीच्या मोठ्या बाईंनी स्वच्छ सांगितलं होतं, "तेच ते दळण किती दळणार? या भागात नवं काही नसेल, तर मालिका बंद." म्हणजे याचंही दुकान बंद. पन्नाशी उलटल्यावर दुसरं येत होतं काय याला? कप्पाळ!

म्हणून तो नव्वदीतल्या त्या नायिकेच्या घरी आला होता. तिचं पडद्यावरचं खळखळून हसणं अजून लोकांच्या कानात होतं. सून म्हणाली, "सकाळीच काय ते आठवतं त्यांना. नंतर काही खरं नाही." अकरा वाजून गेले होते. दिवेवाला अजून खिडकीतल्या उजेडाशी झटत होता. नायिका चहात बिस्कीट बुडवता बुडवता सहज म्हणाली, "ते हसणं माझं नव्हतंच हो. मला मेलीला हसताच येईना. आमची केस विंचरणारी बाई होती, तिचा आवाज तो. कुठे नाव नाही लागलं बिचारीचं. नाव तिचं..."

"थांबा!"

हात वर गेलासुद्धा. जित्याची खोड, दुसरं काय!

दहा मिनिटांनी कॅमेरा सुरू झाला. नायिकेनं केस सारखे केले आणि मासिकांत सतरांदा छापून आलेली गोष्ट सांगितली.

"आणि ते हसणं?"

"माझंच की!"

त्यानं पुन्हा विचारलं, फिरवून विचारलं. शेवटी खुर्ची सोडून तिच्या पायाशी बसला. "आजी, ती केस विंचरणारी बाई... नाव सांगा. फक्त नाव!" हातातोंडाशी आलेला घास त्यानं स्वतःच्या हातानं उडवला होता. मालिका तर गेलीच. पण त्या बाईला ओळखणारं जगातलं शेवटचं माणूस समोर बसलं होतं, आणि त्यालाही आता ती आठवत नव्हती. त्याला रडू आवरेना.

नायिकेनं त्याचा हात हातात घेतला.

"वाक्य विसरलात?" ती हळूच म्हणाली. "होतं असं. घाबरू नका. मी सांगते दिग्दर्शकांना, पुन्हा घेऊ आपण."