देव्हाऱ्यातले फ्रेंच आजोबा

लसवाल्या काकांच्या देव्हाऱ्यात गणपतीच्या शेजारी एका दाढीवाल्या साहेबाचा फोटो असे. अंगात कोट, गळ्याला टाय आणि कपाळाला रोज ताजं गंध. वारज्याला आमच्या समोरच्याच फ्लॅटमध्ये काका एकटे राहायचे. नवखा माणूस हमखास विचारायचा, "हे कोणते महाराज?" काका म्हणायचे, "फ्रान्सचे. कुत्रा चावल्यावरची लस यांनी शोधली. नवसाला पावतात, पण वेळेत गेलात तर!"

दुधाच्या पिशवीवर या शास्त्रज्ञाच्या नावावरून आलेला 'पाश्चराइज्ड' हा शब्द छापलेला असतो. तो काकांनी सोसायटीतल्या एकूण एक पोराला वाचायला लावला होता. बिचारी पोरं काका दिसले की जिन्याने पळायची.

कुणाला कुत्रा चावल्याचं कानावर आलं की मग संपलंच. मला पार्किंगमधल्या पिल्लाचा नुसता दात लागला होता. म्हटलं, "अहो काका, ओरखडा आहे, राहू द्या."

"आपण डॉक्टर कधी झालात?" असं म्हणत त्यांनी मला नळाखाली साबणाने पाय धुवायला लावला आणि स्कूटरवर घालून दवाखान्यात नेलं. पुढच्या प्रत्येक इंजेक्शनच्या दिवशी सकाळी सातला आमची बेल वाजायची. असा राग यायचा मला त्यांचा!

शेवटच्या इंजेक्शनला मी वैतागून विचारलं, "एवढं काय हो तुमचं?"

काकांनी खिशातून स्कूटरची किल्ली काढली. मग म्हणाले, "लोणी काळभोरला माझ्या धाकट्या भावाला, बाळूला, कुत्रा चावला. म्हणाला, दादा, आईला सांगू नकोस, मार बसेल. मी नऊ वर्षांचा. नाही सांगितलं. महिन्याभराने त्याला पाण्याचा पेला बघवेना. लस तेव्हाही होती हो. पुण्यात होती. मी फक्त तोंड उघडायचं होतं."

माझ्याच डोळ्यांत पाणी आलं. ते स्कूटरला किक मारायला लागले.

यंदा श्रावणात काका गेले. अजून मला सातला जाग येते आणि फार वाईट वाटतं. शेवटच्या आठवड्यात ते कुणालाच ओळखत नव्हते. मी उशाशी बसलो होतो, तर माझा हात घट्ट धरून म्हणाले, "बाळू, मी सांगितलं रे आईला. मार बसू दे, पण दवाखान्यात चल."

मी त्यांच्या कानाशी वाकलो. म्हणालो, "दादा, जाऊन आलो. लस घेतली."

"सगळी?"

"सगळी."

मग त्यांनी माझा हात सोडला.