कुकरची शिट्टी

शिकागोजवळच्या नेपरव्हिलमधले आमचे शेजारी मूळचे ब्राझीलचे, सिनेमांना संगीत देतात. बर्फ काढतानाही फावड्याची खरखर फोनवर रेकॉर्ड करतात. एकदा आमच्या कुकरची शिट्टी ऐकून दारात आले. "आणखी एकदा वाजवा ना!"

बायको मला म्हणाली, "अहो, सांगा त्यांना, डाळीचा लगदा होईल!"

पुढे त्यांच्या घरात वाजणाऱ्या ढोलांबद्दल सोसायटीकडे निनावी तक्रार गेली. तेव्हापासून ते हेडफोन लावूनच काम करतात.

काल त्यांनी नव्या सिनेमातला प्रसंग ऐकवला. मुलाची वाट पाहणारी आई, आणि व्हायोलिनमागे आमची शिट्टी. म्हणाले, "आभारात तुमचं नाव टाकतोय. तुम्ही कधी तक्रार केली नाहीत."

"नाव काढा," मी म्हणालो. "ती तक्रार माझीच होती."

मग खुर्ची पुढे ओढून त्यांनी विचारलं, "नेमका कुठला आवाज टोचला?"