अँब्रोजिनाचा दगड

अँब्रोजिनाचा उजवा हात मी मोडला. दुसऱ्या कुणी तिखटमीठ लावून सांगण्याआधी मीच सांगते.

मिलानच्या कालव्यावर आम्ही बावीस धोबिणी. त्यांत अँब्रोजिना सगळ्यांत तोंडाळ आणि सगळ्यांत तरबेज. नवरा लढाईत गेल्यापासून दोन हॉटेलांच्या चादरी एकटी धुवायची, पिळताना शिव्या हासडायची. तिचा धुण्याचा दगड पुलाच्या वरच्या अंगाला, निवळ पाण्याचा. माझा खालच्या टोकाला, जिथे सगळ्यांचा मळ वाहत यायचा. नऊ वर्षं मी त्या मळात चादरी पांढऱ्या करत होते.

दगडांना कागदपत्रं नसतात. जिची गुडघ्याखालची फळी दगडावर, तिचा दगड. बाई मेली किंवा तिने काम सोडलं, की फळी पाण्यात सोडायची. मग जी आधी गुडघे टेकेल, तिचा तो दगड.

महायुद्ध संपून बारा-तेरा वर्षं झाली होती. दुकानं नव्या यंत्रांनी भरली होती आणि त्यावर माहितीपट काढायला फिल्मवाले आले. त्यांनी कपडे धुण्याचं एक पांढरं यंत्र काठावर ठेवलं आणि अँब्रोजिनाला शेजारी उभं केलं.

"बाई, आता ती फळी पाण्यात फेका. हसत हसत."

"डोकं फिरलंय का तुमचं? मेले नाही मी अजून."

"नुसतं दाखवायचंय हो. पुढे वळणावर आमचा माणूस उभा आहे, तो काढून देईल."

ती घुटमळली. मग फेकली. फळी परत मिळाली. यंत्र मात्र फिल्मवाले गाडीत घालून घेऊन गेले.

दुसऱ्या दिवशी उजाडताच मी तिच्या दगडावर होते.

"ऊठ, पिएरिना."

"तुझी फळी पाण्यात गेली. रीत म्हणजे रीत."

"सटवे, तो खेळ होता!"

तिने माझे केस धरले आणि कपाळ दगडावर आपटलं. रक्त डोळ्यांत उतरलं. कपडे बडवायचं धोपटणं माझ्या हातात आलं. मी तिच्या मनगटावर हाणलं. एकदा पुरे होतं, मी तीनदा हाणलं. बायकांनी आम्हाला ओढून वेगळं केलं, पण दगडावरून मला कुणी उठवलं नाही. रीत माझ्या बाजूने होती.

हिवाळ्यात चर्चच्या हॉलमध्ये ती फिल्म दाखवली. निवेदक सांगत होता, या हातांना आता विश्रांती. पडद्यावर अँब्रोजिना फळी घेऊन घुटमळत होती आणि तिच्या मागे मी उभी. माझा आवाज ऐकू येत नव्हता, पण तोंड काय बोलतंय ते सगळ्यांना कळलं: फेक गं, फेक! फळी सुटली तेव्हा बाकीच्या बायका फळीकडे बघत होत्या. मी दगडाकडे.

मी हे विसरले होते. खरंच विसरले होते.

अँब्रोजिना उठून माझ्यापुढे आली आणि तिने डाव्या हाताने माझ्या तोंडावर ठोसा मारला. मग आणखी एक. दात पडला. कुणी मध्ये आलं नाही. मीही हात उचलला नाही.

सकाळी मी माझी फळी घेऊन खालच्या टोकाला गेले. तिचा दगड महिनाभर मोकळा राहिला. ती आली नाही. त्या मोडलेल्या हाताने तिला आता रुमालसुद्धा पिळता येत नव्हता.