माझ्याकडचे चौदा, त्याच्याकडचे चौदा

"भाऊ, कथा संपली म्हणजे गेम संपला असं नही. खरा गेम तिथूनच सुरू होतो." धाकट्याचा हा मेसेज माझ्या फोनमध्ये अजून आहे. मुख्य कथा पार पडल्यावर काय काय करायचं, त्याची यादीच त्याने खाली पाठवली होती. मी त्यावर अंगठा पाठवला. मी सरकारी कारकून, धुळ्याच्या कार्यालयात सतरा वर्षं सह्या ठोकतोय. भावालाही मी तसेच अंगठे ठोकायचो.

गेम हातात मावणाऱ्या यंत्रावरचा. रानावनात हिंडून चित्रविचित्र प्राणी पकडायचे, पाळायचे, वाढवायचे आणि दुसऱ्याच्या प्राण्यांशी झुंजवायचे. आठ गावांतले आठ पहिलवान लोळवले की सगळ्यांचा उस्ताद समोर येतो. त्याला हरवलं की कथा संपली. पण प्राण्यांची एक वही असते, ती भरायची राहते. तिथे बनवणाऱ्यांनी पक्की दुकानदारी केलेली: गेम दोन रंगांत काढायचा, केशरी आणि हिरव्या, आणि प्रत्येकात असे चौदा प्राणी ठेवायचे जे दुसऱ्यात सापडतच नाहीत. वही पुरी करायची तर दुसरा माणूस लागतो. आपले चौदा त्याला द्यायचे, त्याचे चौदा आपण घ्यायचे. आणि ही अदलाबदल दोघांची कथा संपल्याशिवाय होत नाही.

एका दिवाळीत आम्ही दोघांनी जळगावला जाऊन दोन यंत्रं घेतली. त्याने हिरवा गेम घेतला, मी केशरी. मी तेव्हा छत्तिशीचा, तो सत्तावीसचा. सावद्याजवळच्या आमच्या गावी तो केळीची बाग बघायचा आणि आईला बघायचा. वडील आधीच गेले होते. माझी बायको म्हणाली, "दोन घोडे झालात तरी खेळणी सुटत नाहीत." तिचं खोटं नव्हतं. पण नऊ वर्षांचं अंतर असलेल्या भावांना बोलायला विषय लागतो. आमच्याकडे केळीचे भाव आणि आईचे गुडघे, एवढे दोनच होते. गेम हा तिसरा झाला.

त्याने चार महिन्यांत कथा संपवली. दुपारी ठिबक चालू करून शेडमध्ये बसायचा आणि खेळायचा. मी मात्र पाचव्या पहिलवानापाशी अडकलो, मग यंत्र कपाटात गेलं. तो दर आठवड्याला विचारायचा, "भाऊ, झाली का तुह्यी कथा?" मी म्हणायचो, मार्च संपू दे. मार्च संपल्यावर म्हणायचो, पोरीची परीक्षा आहे. पाच वर्षं मी त्याला झुलवलं. एकदा तर चिडून म्हणालो, "तुला कामं नाहीत, मला आहेत." तो हसला. "बरं भाऊ, मी थांबतो," म्हणाला. केळीचा घड अंगाखांद्यावर वाहणाऱ्या माणसाला मी कामं नाहीत म्हणालो होतो.

गेल्या भाद्रपदात त्याला ताप आला. तीन दिवस अंगावर काढला, चौथ्या दिवशी जळगावला नेला, सहाव्या दिवशी तो गेला. याहून जास्त मला लिहिता येत नाही.

दहाव्याला आम्ही तापीकाठी गेलो. पिंड ठेवले, सगळे मागे सरकले आणि कावळा शिवायची वाट बघू लागलो. कावळे होते. समोरच्या बाभळीवर पाच-सहा बसले होते, पण एकही खाली येईना. असं झालं की गेलेल्याची काही इच्छा राहिली, असं आमच्याकडे समजतात. मग एकेकाने पुढे होऊन हात जोडायचे आणि ती इच्छा पुरी करायचा शब्द द्यायचा. खरी इच्छा सापडली की कावळा उतरतो.

पहिले नाना पुढे झाले. नाना म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ. "तुह्या मायले मी अंतर देनार नही," म्हणाले. कावळे हलले नाहीत. कोणी म्हणालं, बाग मोडणार नाही. कोणी म्हणालं, विहिरीचं राहिलेलं बांधकाम पुरं करू. मग सगळ्यांना एकदमच लग्न आठवलं. शेती करणाऱ्याला आमच्याकडे मुलगी मिळत नाही. चार वर्षं स्थळं बघत होतो आणि चार वर्षं नकार घेत होतो. नाना रडत म्हणाले, "बापा, लगीन आमच्याच्यानं झालं नही, माफ कर." सगळे पुरुष रडले. कावळे बाभळीवरच.

आणि मला माहीत होतं. अगदी स्पष्ट माहीत होतं. तो माझ्यापाशी पाच वर्षं एकच गोष्ट मागत होता. दुसरं त्याने माझ्याकडे कधी काही मागितलंच नाही.

भटजी म्हणाले, "मोठे बंधू, तुम्ही बोला." मी पुढे गेलो, हात जोडले. मागे नाना, मामा, गावातली पंचवीस-तीस माणसं, सगळी टोप्या हातात घेऊन उभी. त्यांच्यासमोर, नदीच्या काठावर, मेलेल्या भावाच्या पिंडापुढे मी काय म्हणणार होतो? की तुझा गेम पुरा करीन? लोक काय म्हणाले असते? मी म्हणालो, "आईला सांभाळीन." ते नानांनी आधीच म्हटलं होतं. मग मी तोंडात मिठाची गुळणी धरून मागे आलो. दोन तास आम्ही ऑक्टोबरच्या उन्हात थांबलो. शेवटी भटजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिवला आणि आम्ही घरी आलो.

धुळ्याला आल्यावर मी कपाट उघडलं. यंत्र सुरूच होईना. आग्रा रोडवरच्या दुरुस्तीवाल्याने ते खोलून पाहिलं. "मशीन चांगलं शे दादा, फक्त बॅटरी गयी," म्हणाला. "इतला वरीस कोणी वापरं नही का?" मी म्हणालो, नाही वापरलं.

त्या दिवसापासून मी खेळायला लागलो. बैल गेला आणि झोपा केला म्हणतात ना, तसंच. डब्याच्या सुट्टीत खेळायचो, रविवारी दुपारी खेळायचो. आईकडे दर पंधरा दिवसांनी जायचो, तेव्हा एसटीत खेळायचो. मजा म्हणून एक क्षणही खेळलो नाही. पाचवा पहिलवान पडला, सहावा पडला. केस पिकलेला माणूस खिडकीशी बसून बटणं दाबतोय म्हटल्यावर कंडक्टर हसायचा. हसू दे. हीच बेशरमी तापीकाठी जमली असती तर पुढचं काही लागलं नसतं.

उस्ताद हरला तेव्हा बस पारोळ्याच्या स्टँडवर उभी होती. खाली पेरूवाला ओरडत होता. पडद्यावर नावं वर सरकायला लागली, बारीक संगीत वाजायला लागलं, आणि मी फोन काढला. त्याच्या नंबरवर लिहिलं, "झाली." पाठवलंसुद्धा. एकच टिक आली. मग मला रडू आवरेना. शेजारी बसलेल्या अक्कांनी पाण्याची बाटली पुढे केली. "काय व्हयनं दादा? पोट दुखस का?" मी मान हलवली. त्यांनी पिशवीतून ओवा काढून माझ्या तळहातावर ठेवला आणि एरंडोल येईपर्यंत माझ्याकडे लक्ष ठेवून होत्या.

मग त्याची यादी काढली आणि एकेक गोष्ट करायला घेतली. आठही पहिलवानांना पुन्हा भेट, आता ते जास्त ताकदीचे झालेले असतात. उत्तरेच्या गुहेत एक झोपलेला प्राणी आहे, त्याला मारू नको, फक्त दमव. अंडी उबवायला चालावं लागतं, नदीकाठच्या लांब रस्त्यावर चाल, तिथे वळणं नाहीत. हे असलं सगळं त्याने निवांत बसून लिहिलं होतं, समोर बसून शिकवावं तसं. एका ठिकाणी लिहिलं होतं, "इथे तू चिडशील. चिडू नको." आणि मी खरंच चिडलो होतो. शेवटची ओळ होती: "तुह्यावाले चौदा मले, माह्यावाले चौदा तुले. मंग दोघांची वही पुरी."

चौदा पकडायला मला होळी उलटून गेली. शेवटचा फक्त पावसात दिसतो, आणि गेममधला पाऊसही आपल्या मर्जीने पडत नाही. पकडलेले चौदाही मी वेगळे ठेवले. आता त्याचं यंत्र लागणार होतं.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मी गावी गेलो. वर्षाच्या आत गेलेल्याची पहिली घागर त्या दिवशी भरायची असते. रस्ताभर मला एकच भीती होती. सात महिने पडून राहिलेलं यंत्र, माझ्या यंत्रासारखी त्याचीही बॅटरी गेली असेल, आणि आतलं सगळं पुसलं गेलं असेल तर?

आईला विचारलं, "माय, त्याचं ते खेळायचं कुठे आहे?" तिने गोठ्याच्या दाराकडे बोट केलं. तिथल्या बोर्डाखाली दुधाच्या किटलीवर यंत्र ठेवलेलं होतं, चार्जरची वायर वर बोर्डाला लोंबत होती.

"रोज लावते," ती म्हणाली. "सकाळी धारा काढाच्या टायमाले लावते, उजेड आला का काढते."

"का गं?"

"त्यात त्याचे जनावरं हायेत ना. त्यानंच सांगेल व्हतं मले. मुकं जनावर उपाशी कसं ठिवू?"

तिला वाटत होतं, वीज म्हणजे त्यांचा चारा. सात महिने, गुडघे धरून, तिने आधी ते यंत्र लावलं आणि मग म्हशीखाली बसली. मी तिला काही समजावलं नाही. समजावण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

ओट्यावर बसून मी यंत्र उघडलं. प्राणी ठेवायच्या पेट्या असतात, त्यांना आपण नावं देऊ शकतो. त्याने बाकी एकाही पेटीला नाव दिलेलं नव्हतं. एकीला फक्त होतं, इंग्रजी अक्षरांत: BHAU. ती उघडली. आत चौदा प्राणी, एका ओळीत सात, दुसऱ्या ओळीत सात. प्रत्येकाला पकडल्याची तारीख असते. सगळ्या तारखा पहिल्याच वर्षाच्या होत्या. म्हणजे चार वर्षं ते माझ्यासाठी तयार उभे होते आणि तो दर आठवड्याला मला विचारत होता, झाली का कथा.

दोन्ही यंत्रं मांडीवर घेतली. डाव्या हातात त्याचं, उजव्या हातात माझं. "अदलाबदल मंजूर?" असं दोन्हीकडे विचारतात, दोघांनी हो म्हणावं लागतं. मी माझ्या बाजूने हो म्हणालो आणि त्याच्या बाजूनेही मीच हो म्हणालो. असं चौदा वेळा. दर वेळी त्याच्या वतीने हो म्हणताना मला चोरी केल्यासारखं वाटत होतं. चौदावा झाल्यावर त्याच्या यंत्रावर आधी, मग माझ्या यंत्रावर अभिनंदन झळकलं. वही पूर्ण. त्याच्याकडे त्याचं नाव, माझ्याकडे माझं.

आत घागर मांडून झाली होती. वर खरबूज, शेजारी सांजोरी, आंबा. चुलीतले निखारे पुढे ओढले होते. त्यांवर गेलेल्यांच्या नावाने घास टाकायचा, त्याला आगारी म्हणतात. नानांनी टाकला, मग मला म्हणाले, "टाक तू." घरात तेरा-चौदा माणसं होती. मी घास टाकला आणि मोठ्याने म्हणालो, "तुझा गेम पुरा झाला रे. दोघांची वही भरली."

कोणी हसलं नाही. नाना म्हणाले, "काय ते?" मी सांगितलं. पाच वर्षं तो काय मागत होता ते, मी कसा टाळत होतो ते, आणि आता काय केलं ते. नाना निखाऱ्यांकडे बघत ऐकत होते.

"हे तुले तव्हा मालूम व्हतं? तापीवर?"

"हो."

"मंग बोलला का नही?"

"लाज वाटली नाना. एवढ्या लोकांत गेमचं काय बोलायचं."

नानांना राग आला असता तर बरं झालं असतं. ते फक्त थकल्यासारखे झाले. चिमट्याने त्यांनी निखारा पुढे सारला, माझा घास अजून नीट जळला नव्हता.

"आम्ही काय, टोपी घालून घरी आलो," ते म्हणाले. "तो दोन घंटे उन्हात उभा व्हता ना रे, तुह्या तोंडाकडे पाहत."