नवं काही नको

ऐंशी-ब्याऐंशीची गोष्ट. बहारीनमध्ये मी ज्याची गाडी चालवायचो, तो जर्मन साहेब जन्मभर इतिहासावरच सिनेमे काढत आलेला. मेलेल्या माणसांचा त्याला भारी पुळका. मोत्यांसाठी बुड्या मारणाऱ्या जुन्या खलाशांचे हाल सांगताना गाडीतच डोळे पुसायचा. सिनेमात ते खलाशी झाले होते जिदहफ्सला राहणारे आमचे रत्नागिरीचे गवंडी. "नवं काही दिसता कामा नये," म्हणत साहेब रोज सगळ्यांची घड्याळं उतरवायचा.

एकदा भर उन्हात, किनाऱ्याला लावलेल्या होडीत त्या गवंड्यांतला दाऊद चक्कर येऊन कोसळला. मी पाणी घेऊन धावलो. साहेबाने माझा दंड धरला.

"कॅमेरा चालू आहे," तो म्हणाला, "आणि तुझी बाटली प्लास्टिकची आहे."