वाकून जायचं दार

गावात त्याला टेंगूळ म्हणत. तोंडावर म्हणत आणि तो ओ देई. न देऊन सांगतो कुणाला? नावाचा पुरावा कचेरीच्या भिंतीत कायमचा उभा होता.

आमच्याकडे दार बांधत नाहीत, गातात. ओल्या चुन्याच्या भिंतीसमोर उभं राहून उंबरगाणं म्हणायचं. पहिल्या सुराला उंबरा बसतो, तिथून सूर चढेल तशी चौकट वर जाते आणि गळा थांबेल तिथे कमान जुळते. जुळली की चुना घट्ट. मग तो कुणाचं ऐकत नाही. फोडायला गेलं तर अख्खी भिंत अंगावर येते. म्हणून सुरुवात खालून करायची, म्हणजे वर चढायला जागा राहते. हे शेंबडं पोरही सांगेल.

टेंगूळलाही ते ठाऊक होतं. पण कचेरीच्या दाराला बडी मंडळी जमली होती, अंगात नवं जाकीट होतं आणि पहिल्याच सुरात सगळ्यांना गार करावं असं त्याच्या मनात आलं. सुरुवात त्यानं भलतीच वर धरली. मंडळी वाहवा म्हणाली. चौकट साहेबांच्या कानापर्यंत आली आणि गळा संपला. उद्घाटनाचं टेंगूळ साहेबांनी घेतलं, पुढची जनतेनं.

त्यानंतर तो गायला नाही. दुसऱ्यांच्या गाण्यासाठी चुना कालवायचा. जाकीट ट्रंकेच्या तळाशी गेलं. कचेरीत काम निघालं की बायकोला पाठवी. ती बुटकी. त्या दाराबद्दल तक्रार नसलेली गावातली बहुधा ती एकटीच.

मग मुलीनं आणि जावयानं घर बांधायला काढलं. मुलीच्या घराचं दार बापानं गायचं, ही रीत.

"तुझ्या काकाला सांग की," टेंगूळ म्हणाला. "त्याचा आवाज स्वच्छ आहे."

"म्हणजे सासूबाईंनी जन्मभर ऐकवायचं, बाप धडधाकट असून काका आणला?"

"आणि मी गायल्यावर काय ऐकवतील?"

"ते कपाळ आपटल्यावर बघू, बाबा."

बायको भाजी निवडत होती. "अहो, खालून सुरू करा. एवढंच तर आहे."

"माहीत आहे मला."

"तेव्हाही माहीत होतं."



दार गायच्या दिवशी व्याही, विहीणबाई, गवंडी आणि शेजारपाजार असे सगळे अंगणात हजर झाले. काही जण गंमत बघायला आले होते आणि तसं त्यांनी लपवलंही नाही. टेंगूळ जुन्या सदऱ्यात, मान खाली घालून उभा राहिला. कुणाचं तोंड दिसू नये म्हणून त्यानं डोळे मिटले आणि सूर लावला. तो इतका खालचा, की विहीणबाईंनी विचारलं, "सुरू झालं का?"

झालं होतं. चुना हलला, उंबरा बसला, चौकट उगवली. गुडघा, कंबर, खांदा. आवाज नीट चढत होता. इतकी वर्षं गप्प राहून गळा खराब झालेला नव्हता. चौकट जावयाच्या डोक्याच्या वर आली तेव्हा थांबायचं होतं. टेंगूळच्या मिटल्या डोळ्यांपुढे मात्र साहेबांचं कपाळ होतं. अजून थोडं, असं मनाशी म्हणत तो चढतच राहिला. "अहो, पुरे!" बायको ओरडली. स्वतःच्या आवाजात त्याला ते ऐकू गेलं नाही. गळा थांबला तेव्हा कमान आढ्याला टेकली होती.

कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.

"या दाराला एवढे उंच पल्ले आणायचे कुठून?" गवंड्यानं विचारलं.

"आमच्याकडे कुणी घोड्यावर बसून घरात येत नाही हो," विहीणबाई म्हणाल्या.

मुलगी बराच वेळ वर बघत राहिली. मग म्हणाली, "वारा छान येईल, बाबा." टेंगूळला हे विहीणबाईंच्या बोलण्यापेक्षा जास्त लागलं.

"चला ना, पहिलं पाऊल तुमचं," मुलगी म्हणाली.

तो निघाला. त्याच्या डोक्यावर आणखी एक माणूस उभा राहील एवढी जागा होती. तरी उंबऱ्याशी येताच टेंगूळनं पाठ वाकवली, एक हात कपाळावर आडवा धरला आणि तसाच आत गेला.