बेडकीच्या पाल्याचा काढा

सगळ्यात आधी मूर्खपणा सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचताना माझ्याबद्दल आदरबिदर वाटायची भीती नको. छप्पन्नाव्या वर्षी मी स्वतःच्या हाताने स्वतःची जीभ बधिर केली, आणि त्याच जिभेने अख्ख्या भावकीच्या खिरीची चव बघून वर सांगितलं, "साखर कमी आहे, टाका अजून." त्या पोरीला, म्हणजे तेव्हाच्या मला, वाटायचं की छप्पन्न म्हणजे पुरेशी अक्कल येण्याचं वय. आता सत्तरीत बसून तिच्याकडे बघते तेव्हा प्रश्न पडतो, हिला तोपाजवळ फिरकू कुणी दिलं.

खीर माझ्या थोरल्या नणंदेच्या घरची होती. जीभ बधिर करणारा काढा मी तिला पाजायला नेला होता. सूड घ्यायचा होता, दुसरं काही नाही.

सूड कशाचा, तेही सांगते. ह्यांना शुगर. उजव्या पायाच्या अंगठ्याशेजारच्या बोटाला चपलेचा पट्टा घासून जखम झाली, ती भरेना. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "शुगर खाली आली नाही तर बोट काढावं लागेल. आणि काढायला एकदा सुरुवात केली की कुठे थांबू, ते मी आज सांगू शकत नाही." त्या दिवशी घरी येऊन मी साखरेचा डबा लोखंडी कपाटात, साड्यांच्या मागे ठेवला आणि किल्ली कमरेला लावली. ह्यांनी चहाचा पहिला बिनसाखरेचा घोट घेतला आणि माझ्याकडे असं बघितलं, जसं काही मीच त्यांच्या रक्तात साखर सोडली होती.

नणंद उलव्याची. सासऱ्यांच्या मागे जमीन सांभाळली, विमानतळ येणार म्हटल्यावर तिकडे टॉवर आले, एका टॉवरच्या बांधकामाला तिच्या मुलाचा हात लागला. दर रविवारी गाडीतून यायची. हातात स्टीलचा डबा, डब्यात ओल्या नारळाच्या वड्या. डबा माझ्या हातात द्यायची आणि म्हणायची, "पोरांना ठेव." आणि मी चहा टाकायला आत वळले की पदराआडून कागदाची पुडी निघून भावाच्या सदऱ्याच्या खिशात जायची. मला हे कळलं मुंग्यांमुळे. सोमवारी खुंटीवरच्या सदऱ्याला मुंग्यांची रांग लागलेली असायची, कॉलरपासून खिशापर्यंत. ह्यांना विचारलं तर म्हणायचे, "पावसाळा आलाय, मुंग्या निघतातच." तेव्हा मार्च चालू होता.

तिला तोंडावर बोलायची सोय नव्हती. ह्यांची आई लवकर गेली, ह्यांना तिनेच वाढवलं. पोरवयात स्वतः अर्धपोटी राहून ह्यांच्या हातावर गूळ ठेवणारी ती बहीण. तिला "वड्या आणू नका" म्हणायचं म्हणजे तिच्या सगळ्या जन्मालाच नाही म्हणायचं. मी दोनदा आडून सुचवलं. तिने दोन्ही वेळा तेच उत्तर दिलं, "यवढ्याशानं काय व्हतंय."

इथपर्यंत मी सोसलं. मग पळस्प्याला एका नातेवाइकाच्या घरी हळद होती. आमच्याकडची हळद म्हणजे ढोलाच्या आवाजात शेजारणीचा शब्द ऐकू येत नाही. पण माझं नशीब असं की नणंदेने बोलायला तोंड उघडलं आणि नेमकं त्याच वेळी वाजप थांबलं.

"माज्या भावाला ही घरान सुका मारते," ती सगळ्या बायांना सांगत होती. "साकर कपाटान, चावी कमरंला. माज्याकडं येतो तवा कुटं त्याच्या तोंडावर कला येते."

बायका हसल्या. एकीने माझ्या कमरेकडे हात नेऊन विचारलं, "बगू गो, किती मोठी हाय चावी?" मीही हसले. भरपूर हसले. आणि हसता हसता, हळदीने माखलेल्या हातांनी, बेत आखला.

माझं माहेर ओवे. खारघरच्या डोंगराच्या पायथ्याचं. आम्ही पोरं डोंगरात जे दिसेल ते चावून बघणारी. कुंपणांवर एक वेल चढायचा, मऊ लव असलेली पानं, त्याला आम्ही बेडकीचा पाला म्हणायचो. त्याचं एक पान चावून, तोंडभर फिरवून थुंकलं आणि वर गूळ खाल्ला, तर गुळाची माती होते. म्हणजे खरोखर माती. साखर टाकली तर दाताखाली वाळू. पाहुण्यांची पोरं आली की आम्ही त्यांना आधी पान द्यायचो, मग गूळ, आणि त्यांची तोंडं बघत बसायचो. वैद्य लोक त्याला मधुनाशिनी म्हणतात, दुकानात गुडमार म्हणून पावडर मिळते. माझी नात फार्मसी शिकते, तिने मला अलीकडे त्यातलं शास्त्र सांगितलं. त्या पानात जिम्नेमिक ॲसिड नावाचं द्रव्य असतं. जिभेवर गोडाला बसायच्या ज्या जागा असतात, तिथे ते आधी जाऊन बसतं. एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकून सीट धरतात ना, तसं. मग साखर येते, उभी राहते, आणि उभ्याउभ्याच उतरून जाते. अर्धा-पाऊण तास हा प्रकार चालतो. आंबट, तिखट, खारट सगळं नीट कळतं. गोड तेवढं गायब.

आता आमच्या भावकीची रीत सांगते, कारण सूड तिच्यावरच बेतलेला होता. कार्याच्या घरी खिरीचा तोप उतरवायच्या आधी थोरल्या बाईने ती चाखायची. पळीतून तळहातावर घ्यायची, चाटायची आणि "झाला" म्हणायचं. मग तोपावर झाकण पडतं आणि त्यानंतर कुणी त्यात चिमूटभरही काही टाकत नाही. खीर बिघडली तर चूक शेवटी चाखणारीची. तीस वर्षं हा मान माझ्या नणंदेचा होता. माझ्या मुलीच्या लग्नात, पनवेलला, माझ्या दारात, माझ्या पैशाच्या खिरीला तिने "झाला" म्हटलं होतं आणि मी बाजूला झाकण धरून उभी होते. म्हणून पळस्प्याला ठरलं: मारायची तर ही जीभ मारायची, आणि भावकीसमोर.

संधी आली ती उलव्याला, तिच्याच मुलाच्या नव्या घराच्या वास्तुशांतीला. चारी बाजूंनी बांधकाम, रेतीचे ढीग, मिक्सरची घरघर. धुळीने उलव्यातल्या प्रत्येक माणसाचा घसा बसलेला. मी आदल्या दिवशी ओव्याला जाऊन आले. गावाच्या तीन बाजूंना आता इमारती आहेत, पण डोंगराकडची कुंपणं अजून जागेवर आहेत, आणि वेलही. भावाला सांगितलं, खोकल्यासाठी हवाय. घरी पाला वाटून त्याचा घट्ट काढा केला, वास लपवायला आलं, मिरी आणि गवती चहा घातला, आणि थर्मासमध्ये भरला.

मांडवाच्या मागे तोप शिजत होता. नणंद खुर्चीत बसून हुकूम सोडत होती, आवाज अगदी फाटलेला.

"ताई, घसा बसलाय तुमचा," मी म्हटलं. "काढा आणलाय."

"काय काय हाय त्यान?"

"आलं, मिरी, गवती चहा."

"न् काय?"

"माहेरचा पाला आहे थोडा. घशाला चांगला असतो."

तिने थर्मासकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. "आदी तू पी."

तिला संशय आला होता की ती सगळ्यांनाच असं म्हणायची, ते मला आजतागायत ठरवता आलेलं नाही. मी पेला भरला आणि तिच्या डोळ्यांत बघत घोटघोट घेऊन संपवला. वर ओठही चाटले. मग ती दोन पेले प्यायली.

"कडू हाय," म्हणाली, "पन घसा उघडला."

थोड्या वेळाने तिच्या सुनेने पळी पुढे केली. नणंदेने खीर तळहातावर घेतली, चाटली आणि थांबली. पुन्हा घेतली.

"साकर घातलीस क नाय गो?"

"घातली आई. दर वेळेला घालतो तेवढीच."

"मंग गेली कुटं?"

पिशवीतून साखर पडली. तिने पुन्हा चाखली, पुन्हा मान हलवली, पुन्हा साखर पडली. सून बिचारी घाबरून माझ्याकडे बघायला लागली आणि मी काळजीचा चेहरा केला. मनात पंगत बसलीसुद्धा होती: पहिला घास, वाकडी झालेली तोंडं आणि हिच्याकडे वळलेल्या सगळ्या माना.

आणि तिने पळी माझ्यापुढे धरली. "माजा तोंड कडू झालाय तुज्या काढ्यान. तू बग गो जरा."

तीस वर्षांत पहिल्यांदा. भावकीतल्या सगळ्या बायका बघत होत्या. छप्पन्न वर्षांच्या त्या पोरीने पदर सावरला, तळहात पुढे केला, खीर चाटली आणि मोठी जाणकार असल्यासारखे डोळे मिटले. दूध लागलं, तूप लागलं, वेलची लागली. गोड काही लागलं नाही. तेव्हा त्या बावळटीला आठवायला हवं होतं की काढ्याचा पहिला पेला कुणी रिकामा केला. पण पळी हातात आली होती ना. डोक्यात दुसरं काही शिरायला जागाच नव्हती.

"कमीच आहे," मी म्हणाले. "टाका अजून. आमच्या पनवेलला एवढी फिकी खीर कुणी खात नाही."

साखर पडली. मीच "झाला" म्हणाले. झाकण पडलं.

नंतर पूजेचा प्रसाद हातावर आला. शिरा. तोंडात टाकला तर नुसता ओला रवा. मी चावायची थांबले. मग तो रवा कसाबसा गिळला, आणि सगळा प्रकार माझ्या लक्षात आला. तेव्हाही जाऊन सांगता आलं असतं. मी स्वयंपाकघरात जाऊन काकड्या चिरायला बसले.

पंगतीत भटजींनी पहिला घोट घेतला आणि पाण्याचा तांब्या मागितला. पोरांनी वाट्या सरकवल्या. कुणीतरी विचारलं, आणि सुनेचा आवाज मला आतपर्यंत ऐकू आला, "शेवटी मामींनी चाखली." नणंद स्वतःच्या चाखण्याबद्दल एक अक्षर बोलली नाही. बाहेरून एका पुरुषाचा आवाज आला, "मामी, पनवेलला साकर फुकट वाटतात काय?" आणि अख्खा मांडव हसला. मी काकडी इतकी बारीक चिरली की तिची कोशिंबीरही होईना.

आत तोंड लपवून बसल्यामुळे एक गोष्ट मला दिसली नाही. पंगतीच्या टोकाला हे बसले होते. लोकांनी सरकवलेल्या वाट्या एकेक करून त्यांच्याकडे येत होत्या, आणि बघणारं कुणी नव्हतं. परत येताना गाडीत ह्यांचा चेहरा फार तृप्त होता. "ताईकडची खीर म्हणजे खीर," असं म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ह्यांच्या तोंडापासून पाण्याचा तांब्या सुटेना, डोळ्यांपुढे धूसर झालं. दवाखान्यात पट्टी सोडली तर बोट काळं पडलेलं. डॉक्टर म्हणाले, एका जेवणाने बोट काळं होत नाही, हे कित्येक महिन्यांचं आहे. म्हणजे खिशातल्या पुड्या. ते ऐकून मला हायसं वाटलं, आणि लगेच दुप्पट राग आला. बोट काढलं.

नणंद आली तेव्हा हे ऑपरेशननंतर झोपले होते. पहिल्यांदाच ती डब्याशिवाय आली होती. दाराबाहेरच्या बाकावर बसली. माझी वाक्यं तयार होती.

"ताई, तुमच्या वड्यांनी बोट नेलं."

"न् खीर कोनी गोड केली?"

हे मला झोंबलं. तिला दुखवायला माझ्याकडे एकच गोष्ट उरली होती, ती मी काढली. सूड घेतला आणि ज्याच्यावर घेतला त्याला तो कळलाच नाही, तर तो कसला सूड. मी तिला सगळं सांगितलं. काढ्यात काय होतं, ओव्याहून कसा आणला, खोकल्याचं नाव कसं सांगितलं. "तुमची जीभ मी मारली होती," मी म्हणाले. "पळस्प्याला माझं हसं केलंत ना, त्याचं."

ती चिडेल, रडेल, भावकी गोळा करेल अशी माझी तयारी होती. तिने फक्त विचारलं, "म्हंजे त्यो पाला चावला क गोड लागतच नाय?"

"नाही. गुळाची माती होते."

"मंग मानूस गोड खातच नाय?"

"कशाला खाईल. थुंकून टाकतो."

ती उठली, दाराच्या काचेतून आत बघितलं. भावाचा पाय उशीवर होता, पांढऱ्या पट्टीत गुंडाळलेला. मग माझ्याकडे वळली आणि मंदबुद्धीच्या पोराला समजवावं तशी सावकाश म्हणाली,

"पाला तुज्या घरान व्हता, गोड खानारा तुज्या घरान व्हता, न् त्यो पाला तू पाजलास मना?"